एक फॉर्म, दोन करार: कॉनराड फाइट या जर्मन नटाचे १९३३ साल

१९३३-३४ च्या सुमारास लंडनच्या गॉमाँ-ब्रिटिश या चित्रपट कंपनीची मोठी पंचाईत झाली. पुढच्या मोठ्या चित्रपटाचा नायक दुसऱ्या एका कामासाठी जर्मनीला गेला होता, तो परतेना. चौकशी केली तर तिकडून निरोप आला की नट आजारी आहे, त्याला प्रवास झेपणार नाही. पुढची हकीकत त्याच्या चरित्रांत अशी सांगतात: कंपनीने आपला डॉक्टर पाठवला, डॉक्टरने रोग्याला तपासून ठणठणीत असल्याचा निर्वाळा दिला, आणि मग कुठे त्याची सुटका झाली.

नटाचे नाव कॉनराड फाइट. बहुतेकांना तो 'कॅसाब्लांका'तला नाझी अधिकारी मेजर श्ट्रासर म्हणून माहीत असतो. मूकपटांचे दर्दी त्याला 'डॉक्टर कालिगारी'तल्या चेझारेवरून ओळखतात. जर्मनीत त्या वेळी तो 'विल्हेल्म टेल'मध्ये काम करत होता आणि भूमिका होती जुलमी सुभेदार गेस्लरची. लंडन त्याला बोलावत होते ते 'ज्यू झ्यूस'साठी, आणि त्यात तो फासावर जाणारा ज्यू होता. एकाच माणसाच्या खिशात एकाच मोसमात हे दोन करार होते. चरित्र अभिनेत्याची कारकीर्द राजकारणाच्या कचाट्यात सापडली की काय होते, हे पाहायला याहून नेमके प्रकरण मला तरी माहीत नाही.

फाइटबद्दल सगळीकडे एकच किस्सा फिरतो. नाझी सरकारने चित्रपट व्यवसायातल्या प्रत्येकाकडून वंशाची माहिती देणारा फॉर्म भरून घेतला. फाइट ज्यू नव्हता, त्याची बायको ज्यू होती. त्याने वंशाच्या रकान्यात 'ज्यू' असे लिहिले आणि देश सोडला. किस्सा झकास आहे, नटाला शोभणारा आहे. पण तो ऐकला की वाटते, एका फटकाऱ्यात सगळे मिटले. तसे झालेले नाही. लग्न झाले, तो लंडनला गेला, आणि त्यानंतर पुन्हा जर्मन चित्रपटात उभा राहिला. त्यामुळे या प्रकरणात मला फॉर्मपेक्षा करार महत्त्वाचे वाटतात.

आधीची वीस वर्षे

फाइट जन्माने बर्लिनकर, २२ जानेवारी १८९३ चा. शाळेत यथातथाच. नाट्यदिग्दर्शक माक्स राइनहार्टचे डॉइचेस थिएटर म्हणजे त्या काळच्या जर्मन नटांची पंढरी. तिथे तो उमेदवार म्हणून शिरला. गर्दीतली कामे, दोन ओळींची कामे, विंगेत उभे राहून मोठ्या नटांना बघणे, असा तो शिरस्ता होता. मग पहिले महायुद्ध आले. पूर्व आघाडीवर त्याला कावीळ झाली, न्यूमोनिया झाला, इस्पितळात पडून राहावे लागले. बाल्टिक किनाऱ्यावरच्या लिबाउ गावी सैनिकांसाठी नाटक कंपनी होती. मैत्रीण लूसी मानहाइम तिथे काम करत होती आणि तिच्यामुळे त्याचा तिथे शिरकाव झाला. लष्कराने अपात्र ठरवून सोडल्यावर १९१७ मध्ये तो पुन्हा राइनहार्टकडे आला, आणि त्याच वर्षी पडद्यावरही दिसू लागला. (लूसी मानहाइम ज्यू होती. पुढे तीही इंग्लंडला पोहोचली. या प्रकरणातली माणसे अशी वेगवेगळ्या वाटांनी पुन्हा पुन्हा भेटत राहतात.)

१९१९ चा 'आंडर्स आल्स दी आंडर्न' त्याच्या फिल्मयाद्यांत नुसता नोंदवून पुढे जातात, ते बरोबर नाही. रिचर्ड ओस्वाल्डने लैंगिकशास्त्रज्ञ डॉक्टर माग्नुस हिर्शफेल्ड यांच्या साहाय्याने काढलेला हा चित्रपट समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम १७५ च्या विरोधात होता. फाइट त्यात व्हायोलिनवादक. ब्लॅकमेल करणारा त्याला लुबाडतो, कोर्टात खेचतो, शेवटी तो जीव देतो. नट अजून नाव कमावत होता, अशा वयात ही भूमिका घ्यायला छाती लागते. १९२० मध्ये चित्रपटावर बंदी आली. मे १९३३ मध्ये हिर्शफेल्ड यांची बर्लिनमधली संस्था नाझी विद्यार्थ्यांनी लुटली आणि तिथली पुस्तके चौकात जाळली. म्हणजे फाइटच्या नावावर नव्या राजवटीला खुपणारी गोष्ट बायकोच्याही आधीपासून होती.

मग २६ फेब्रुवारी १९२० ला रॉबर्ट वीनेचा 'डॉक्टर कालिगारी' लागला. कालिगारीच्या हुकमावर झोपेत चालणारा त्यातला चेझारे जागा होतो तो प्रसंग नटाने पाठ करावा असा आहे. उभ्या पेटीत तो मिटल्या डोळ्यांनी उभा. चेहरा पांढराफटक, डोळ्यांभोवती काळे. कॅमेरा अगदी जवळ. आधी तोंडाशी काहीतरी हलते, मग पापण्या थरथरतात, उघडायला बघतात आणि उघडत नाहीत. उघडतात तेव्हा नको इतक्या उघडतात. शब्द नाही, हातवारा नाही. पुढे तो भिंतीला चिकटून, एक हात वर ताणून सरकत जातो तेव्हा भिंतीवर रंगवलेली एखादी वाकडी रेघच निघून चालू लागल्यासारखी वाटते. त्या चित्रपटातले नेपथ्य कापडावर रंगवलेले, वेडेवाकडे. बाकीचे नट त्या पडद्यांपुढे उभे राहिलेली साधी माणसे वाटतात. नेपथ्याच्या जातीचे फक्त दोघे, फाइट आणि कालिगारी झालेला वेर्नर क्राउस. क्राउस पुढे पुन्हा येणार आहे.

१९२१ मध्ये जो मायने 'दास इंडिशे ग्राबमाल' काढला. हिंदुस्थानातला महाराजा, त्याचा सूड, योगी, वाघ आणि संगमरवरी कबर, असला सगळा मसाला. महाराजा अर्थातच फाइट. हा हिंदुस्थान उभा केला होता बर्लिनजवळच्या व्होल्टर्सडॉर्फला. आज बघताना आपल्याला हसू येते. पण फाइटने त्या महाराजाला विदूषक केलेले नाही. दुखावलेला, थंड, संथ बोटांचा माणूस आहे तो. पटकथा टेआ फॉन हार्बू आणि फ्रिट्झ लांग यांची. पुढे लांग देश सोडून गेला. हार्बू राहिली, नाझी पक्षात गेली, आणि तिने गुपचूप लग्न केले ते बेळगावकडच्या अयी तेंडुलकर या मराठी पत्रकाराशी. माणसांच्या निष्ठांचे कोष्टक मांडू बघणाऱ्याने आधी या बाईचा रकाना भरून दाखवावा.

हॉलिवूडने त्याला १९२६ मध्ये बोलावले. तिथला 'द मॅन हू लाफ्स' (१९२८) हा त्याचा सर्वांत अवघड चित्रपट असे माझे मत. नायकाचे तोंड लहानपणीच कापून कायमचे हसरे केलेले. दात आणि ओठ खोट्या साच्यात अडकवलेले, त्यामुळे चेहऱ्याचा खालचा अर्धा भाग नटाच्या ताब्यातच नाही. दुःख, लाज, प्रेम, सगळे डोळ्यांनी आणि कपाळाने करायचे. बॅटमॅनच्या कॉमिक्समधला जोकर या चेहऱ्यावरून निघाला, ते सगळ्यांना माहीत असते. तो साचा तोंडात धरून अख्खा चित्रपट कसा ओढला असेल, हा विचार मात्र कमी लोक करतात.

तेवढ्यात बोलपट आले. फाइटचे इंग्रजी तेव्हा कच्चे होते. मूकपटात नटाला देश नसतो, बोलपटात तो पहिल्या वाक्याला उघडा पडतो. १९२९ मध्ये तो जर्मनीला परतला आणि बोलपटाचा नट म्हणून नव्याने उभा राहिला. राइनहार्टकडची आवाजाची मेहनत आता कामी आली. 'डेअर काँग्रेस टान्स्ट' (१९३१) मधला त्याचा मेटरनिख बघा. ऑस्ट्रियाचा हा धूर्त मंत्री बिछान्यात लोळत नळ्या कानाला लावून महालातल्या खोल्यांमधली कुजबुज ऐकतो, आणि तेही इतक्या निवांतपणे की आपल्यालाही त्याच्याबरोबर ऐकावेसे वाटते. चित्रपटाचा निर्माता एरिक पोमर, दिग्दर्शक एरिक शारेल. दोघेही ज्यू.

मार्च १९३३

२८ मार्चला बर्लिनच्या कायझरहोफ हॉटेलात नाझी प्रचारमंत्री गोबेल्सने चित्रपटवाल्यांना जमवून भाषण दिले. नवे वारे कुठून वाहणार ते सगळ्यांना कळले. दुसऱ्याच दिवशी ऊफा या देशातल्या सर्वांत मोठ्या कंपनीच्या संचालकांनी बैठक घेऊन आपल्या ज्यू कर्मचाऱ्यांची आणि कलावंतांची करारपत्रे संपवायला सुरुवात केली. कायदा अजून झालेला नव्हता. कुणी बंदूक रोखलेली नव्हती. कंपनीने वाऱ्याचा अंदाज घेऊन आपणहून केले. त्या यादीत पोमर होता, शारेल होता. १ एप्रिलला ज्यू दुकानांवर बहिष्कार झाला.

त्याच सुमारास फाइटने लिली प्रागर या हंगेरियन ज्यू स्त्रीशी लग्न केले. हे त्याचे तिसरे लग्न. (पहिली बायको गुसी होल हिने पुढे एमिल यानिंग्स या नटाशी लग्न केले. हेही नाव लक्षात ठेवा.) लग्नानंतर थोड्याच दिवसांत दोघे इंग्लंडला गेले.

इथे व्यवहाराचा भाग सोडून चालणार नाही. फाइट रिकाम्या हाताने गेला नव्हता. १९३२ मध्येच त्याने लंडनच्या नव्याने बांधलेल्या शेपर्ड्स बुश स्टुडिओत 'रोम एक्सप्रेस' केला होता आणि तो चांगला चालला होता. इंग्रजी त्याने आता घोटून घोटून शिकले होते. उच्चार जर्मन राहिला, पण तो राहू देण्यातच फायदा होता. तोच उच्चार त्याची ओळख झाला. पाय ठेवायला जागा आधी बघून ठेवलेली होती, म्हणून उडी मारता आली. याने त्याची किंमत कमी होते असे मला वाटत नाही. पण ज्यांच्याकडे अशी जागा नव्हती, त्यांना तोलताना हे आठवावे.

एक भूमिका, दोन नट

१९३२ मध्ये पोमरने ऊफासाठी 'एफ. पी. १' काढला. अटलांटिकच्या मध्यावर विमाने उतरवायला तरंगता तळ, त्यात कारस्थान, आणि एक साहसी वैमानिक. डबिंग तेव्हा बाल्यावस्थेत होते, म्हणून ऊफा एकाच सेटवर एकच चित्रपट तीन भाषांत तीन नटसंच घेऊन काढत असे. वैमानिकाच्या भूमिकेत जर्मनमध्ये हान्स आल्बर्स, फ्रेंचमध्ये शार्ल बॉयर, आणि इंग्रजीत कॉनराड फाइट. (इंग्रजी आवृत्तीसाठी फाइटने दीपगृहावरचे एक गाणेही रेकॉर्ड केले. गाण्याची बाजू लंगडीच. पण सुमारे पन्नास वर्षांनी ते ब्रिटिश रेडिओवर अचानक लोकप्रिय झाले. नट मरून तेव्हा चाळीसएक वर्षे होत आली होती.)

आल्बर्सची सोबतीण हान्सी बुर्ग, नट ऑयगेन बुर्गची मुलगी, ज्यू. म्हणजे आल्बर्स आणि फाइट एकाच भूमिकेत आणि जवळपास एकाच पेचात. आल्बर्स राहिला. १९३५ मध्ये त्याने हान्सीशी संबंध तोडल्याचे अधिकृतपणे कळवले, प्रत्यक्षात दोघे लपूनछपून एकत्र राहत होती. अखेर तिलाही देश सोडावा लागला. तिचे वडील १९४४ मध्ये टेरेझिनच्या छळछावणीत मेले. आल्बर्स मात्र युद्ध संपेपर्यंत जर्मनीतला सर्वांत लाडका नट राहिला. १९४३ चा 'म्युंखहाउझन' हा थाटामाटाचा रंगीत चित्रपट त्याचाच. तो राजवटीपासून चार हात दूर राहत असे म्हणतात, आणि ते खोटे नसावे. युद्ध संपल्यावर हान्सी परत आली, त्याच्याकडेच.

आल्बर्सला दोष देणे सोपे आहे, पण त्याची अडचण ओळखायला हवी. त्याचे सगळे नाणे म्हणजे हाम्बुर्गच्या बंदराचा तो मोकळा, उर्मट, गाणारा जर्मन. त्या भाषेबाहेर ते नाणे चालत नाही. फाइटचे नाणे वेगळे होते. उंच शिडशिडीत देह, हाडे दिसणारा चेहरा, डोळे, थांबून बोलायची लय. हे कुठल्याही सरहद्दीवर चालते. शब्दांवर जगणाऱ्यांची हालत आणखी वाईट होती. बर्लिनचा मोठा समीक्षक आणि पटकथाकार विली हास प्रागमार्गे १९३९ मध्ये थेट मुंबईला आला आणि मोहन भवनानी यांच्यासाठी पटकथा लिहू लागला. ज्या भाषेत तो नामवंत होता तिचा मुंबईत काय उपयोग!

गेस्लर आणि झ्यूस

इंग्लंडमध्ये पहिल्याच वर्षी फाइटने 'द वाँडरिंग ज्यू' केला. शतकानुशतके भटकणारा शापित ज्यू, ज्याला शेवटी स्पेनमध्ये इन्क्विझिशनचे, म्हणजे चर्चच्या धर्मन्यायालयाचे, पाद्री जाळतात. १९३३ मध्ये ही भूमिका घेणे म्हणजे बर्लिनच्या नाकावर टिच्चून घेणे होते.

आणि तरीही 'विल्हेल्म टेल'. दिग्दर्शक हाइन्त्स पाउल, विषय जर्मन भाषकांच्या काळजातला, नाटककार शिलरने अजरामर केलेला. टेलच्या बायकोच्या भूमिकेत एमी झोनेमान नावाची नटी होती. एप्रिल १९३५ मध्ये तिने नाझी राजवटीतला बडा मंत्री हेरमान ग्योरिंगशी लग्न केले आणि ती राजवटीची पहिली बाई म्हणून मिरवू लागली. तेव्हा सेटवरचे चित्र डोळ्यांपुढे आणा. एका बाजूला ग्योरिंगच्या मर्जीतली नटी सोशिक गृहिणी होऊन उभी. समोर ज्यू बायकोचा नवरा, गेस्लर होऊन, तिच्या पडद्यावरच्या नवऱ्याला पोराच्या डोक्यावरचे सफरचंद बाणाने उडवायला सांगतोय. कोण जुलमी, कोण पीडित, याची सगळी वाटणी उलटी झालेली. १९३४ च्या सुरुवातीला चित्रपट लागला. फाइटची ही जर्मनीतली शेवटची भूमिका.

तो का गेला? करार होता म्हणून, पैसे होते म्हणून, किंवा राजवट दोन-चार वर्षांत कोसळेल असे तेव्हा बऱ्याच शहाण्यांना वाटत होते म्हणूनही. मला इथे त्याचा भाबडेपणा दिसत नाही, धंद्याची सवय दिसते. नट मंडळी नाटक बंद पडेपर्यंत प्रयोग करतात. पण याच फेरीत त्याला कळले की आता नाटक बंद झाले आहे. डॉक्टरची हकीकत इथलीच. बर्लिनची इच्छा उघड होती: ज्यू झ्यूसचे सोंग या माणसाने घेऊ नये. त्याला धमकावले तर गाजावाजा होईल, 'आजारी' ठेवले तर होणार नाही.

'ज्यू झ्यूस'ची गोष्ट लिऑन फॉइश्टवांगरच्या १९२५ च्या कादंबरीतली. या लेखकाचे नागरिकत्व नाझींनी ऑगस्ट १९३३ मध्येच काढून घेतले होते. चित्रपटाचा दिग्दर्शक लोथार मेंडेसही मूळचा बर्लिनचा ज्यू. कथानायक झ्यूस ओपेनहायमर हा अठराव्या शतकातला खरा माणूस, व्युर्टेम्बर्गच्या ड्यूकचा खजिनदार. ड्यूक मेल्यावर त्याला पकडले आणि १७३८ मध्ये श्टुटगार्टला जाहीरपणे फासावर लटकवले, आणि प्रेत लोखंडी पिंजऱ्यात टांगून ठेवले. फॉइश्टवांगरने यात एक धागा घातला आणि चित्रपटाने तो ठेवला. झ्यूसला कळते की तो जन्माने ज्यू नाहीच, एका ख्रिस्ती सरदाराचा मुलगा आहे. हे एक वाक्य बोलला तर तो वाचू शकतो. तो बोलत नाही. ज्यू म्हणूनच मरतो.

आता तो फॉर्मचा किस्सा पुन्हा आठवा. ज्यू नसलेला माणूस रकान्यात 'ज्यू' लिहितो, आणि वर्षभरात पडद्यावर अशा माणसाचे काम करतो ज्याला तोच रकाना बदलून जीव वाचवता आला असता. मी चित्रपट पाहतो तेव्हा हे विसरू शकत नाही. अभिनय म्हणूनही बघा. पहिल्या भागातला झ्यूस गोड नाही. महत्त्वाकांक्षी आहे, दरबारात सरपटतो, लोकांना वापरतो. फाइट त्याला सोज्वळ करत नाही. म्हणून शेवटचे मौन महाग वाटते. ऑक्टोबर १९३४ मध्ये चित्रपट लंडनला लागला. जर्मनीत त्याला थारा नव्हता आणि व्हिएन्नातही त्यावर बंदी आली. आता परतीची वाट बंद झाली. माझ्या मते देश सोडण्याचा खरा निर्णय हा आहे. फॉर्मवर लिहिलेले सरकारी दप्तरात राहिले असते, हे हजारो लोकांनी तिकीट काढून पाहिले.

राहिलेले

बर्लिनने उत्तर द्यायला सहा वर्षे घेतली. १९४० मध्ये गोबेल्सच्या आदेशाने फाइट हार्लानने 'यूद झ्यूस' काढला. (हा फाइट म्हणजे दिग्दर्शकाचे पहिले नाव, आपल्या नटाशी नाते नाही.) नाव तेच, माणूस तोच, अर्थ बरोबर उलटा. ज्यूद्वेषाचा प्रचार करणारे इतके परिणामकारक चित्र दुसरे झाले नाही. एसएस या नाझी पक्षाच्या सशस्त्र दलातल्या लोकांना ते मुद्दाम दाखवले गेले. त्यात अनेक ज्यू पात्रे एकट्या वेर्नर क्राउसने रंगवली, वेगवेगळी दाढी, वेगवेगळे नाक, वेगवेगळा हेल लावून. कालिगारीने चेझारेला पेटीतून जागे केले तेव्हा दोघांचे कसब एकाच तोलाचे होते. वीस वर्षांनी एकाच नावाच्या दोन चित्रपटांत ते कुठे कुठे पोहोचले ते आपल्यापुढे आहे. क्राउसला युद्धानंतर काही काळ बंदी झाली, नंतर तो पुन्हा रंगमंचावर आला, आणि १९५४ मध्ये जर्मन रंगभूमीवरच्या श्रेष्ठ नटाला मिळणारी इफलांड अंगठीही त्याच्या बोटात आली.

यानिंग्सही फाइटसारखाच बोलपटांमुळे हॉलिवूडहून परतला होता, पहिले ऑस्कर घेऊन. तो राहिला, 'ओम क्रूगर'सारखे प्रचारपट केले, आणि युद्धानंतर त्याला काम मिळाले नाही.

योआखिम गॉटशाल्कचे उदाहरण मात्र झोप उडवणारे आहे. देखणा, लोकप्रिय, बायको मेटा ज्यू, एक लहान मुलगा. घटस्फोट घे म्हणून दबाव आला, त्याने नकार दिला. नोव्हेंबर १९४१ मध्ये बायको-मुलाला हद्दपार करायची तयारी झाली तेव्हा तिघांनी घरात गॅस सोडून जीव दिला. फाइट आणि लिली १९३३ नंतर बर्लिनमध्ये राहिली असती तर काय, या प्रश्नाला यापलीकडे कल्पना लढवायची गरज नाही.

दुसरी टोकाची गोष्ट आल्बर्ट बासरमानची. जर्मन रंगभूमीचा हा महर्षी १९३३ मध्ये पासष्टी ओलांडलेला. बायको एल्झे ज्यू, तिला रंगमंचावर बंदी. तिच्याशिवाय मी उभा राहणार नाही म्हणून तो निघून गेला. अमेरिकेत पोहोचला तेव्हा इंग्रजी जेमतेम. संवाद नुसते उच्चार घोकून पाठ करायचा. तसा घोकूनच 'फॉरेन करस्पाँडंट'मध्ये इतके चांगले काम केले की ऑस्करचे नामांकन मिळाले. १९४१ च्या 'अ वूमन्स फेस'मध्ये बासरमान आणि फाइट एकाच घरातले दाखवले आहेत, म्हातारा कॉन्सल बारिंग आणि त्याचा कपटी नातलग टोर्स्टेन. दोघेही राइनहार्टच्या रंगमंचावरचे, दोघेही ज्यू बायकांचे नवरे, आणि दोघेही हॉलिवूडच्या एमजीएम कंपनीच्या सेटवर स्वीडिश श्रीमंत होऊन इंग्रजी बोलताहेत.

बिल किती आले

इंग्लंडची वर्षे बरी गेली. मायकेल पॉवेल आणि एमेरिक प्रेसबर्गर यांनी त्याला 'द स्पाय इन ब्लॅक'मध्ये जर्मन पाणबुडीचा कप्तान केले. शत्रू, पण प्रेक्षकाला आवडून जाणारा. १९३९ मध्ये तो ब्रिटिश नागरिक झाला. मग 'द थीफ ऑफ बगदाद', म्हैसूरकडचा पोरगेला नट साबू आणि त्याच्यासमोर जाफर झालेला फाइट. युद्ध सुरू झाल्याने डेनहॅमचे चित्रीकरण अमेरिकेत हलवावे लागले. जाफर डोळे रोखतो तेव्हा प्रकाशाची एक पट्टी नेमकी डोळ्यांवर पडते, बाकी चेहरा अंधारात. वीस वर्षांपूर्वीच्या चेझारेची ती रंगीत आवृत्ती आहे. डिस्नेच्या 'अलादीन'मधला वजीर जाफर नावासकट इथूनच आला.

१९४० नंतर हॉलिवूड, आणि तिथे साचा पक्का झाला. युद्धाच्या काळात जर्मन उच्चाराचा उंच, रुबाबदार माणूस दुसरे काय करणार? नाझी. ज्यांच्यापासून पळाला तेच गणवेश रोज सकाळी मेकअपनंतर अंगावर. त्याने नाक मुरडले नाही. कमाईतला मोठा वाटा ब्रिटनच्या युद्धकार्याला देत राहिला. त्यामुळे हा साचा त्याने स्वीकारला तो नाइलाजाने की हिशोबाने, हे वेगळे करून दाखवता येत नाही, आणि मला वाटते त्याच्यापुरते ते एकच होते.

याच काळातला 'नाझी एजंट' (१९४२) कमी पाहिला जातो. ज्यूल्स डॅसिनने दिग्दर्शित केलेला हा पहिलाच पूर्ण लांबीचा चित्रपट. फाइट त्यात जुळे भाऊ आहे. एक दाढीवाला, पुस्तकांच्या दुकानात रमणारा निर्वासित, दुसरा नाझी वकिलातीतला अधिकारी. झटापटीत अधिकारी मरतो आणि निर्वासित दाढी काढून त्याची जागा घेतो. इथून पुढे फाइट एक चांगला माणूस करतोय जो वाईट माणसाचे सोंग करतोय. चेहरा तोच, कपडे तेच. फरक ठेवलाय तो खांद्यांत आणि उत्तर द्यायला लावलेल्या वेळात. खरा अधिकारी लगेच बोलतो, खोटा क्षणभर थांबून. कथा साधारणच आहे, पण नटाला काय काय येत होते त्याचा हा एका तासाचा पुरावा आहे.

'कॅसाब्लांका'साठी वॉर्नर ब्रदर्स कंपनीने त्याला एमजीएमकडून आठवड्याला ५,००० डॉलरवर उसना घेतला. त्या चित्रपटाच्या गर्दीत खरे निर्वासित किती होते ते प्रसिद्ध आहे. मला एक जोडी जास्त बोलकी वाटते. श्ट्रासर ज्याच्या मागे लागतो त्या लाझलो या नाझीविरोधी पुढाऱ्याचे काम पॉल हेनरीडने केले. हेनरीड ऑस्ट्रियाचा. युद्ध सुरू झाले तेव्हा तो इंग्लंडमध्ये होता आणि शत्रुराष्ट्राचा नागरिक म्हणून त्याला डांबून ठेवायची वेळ आली होती. तेव्हा त्याच्यासाठी शब्द टाकणाऱ्यांत कॉनराड फाइट होता. पडद्यावर तो त्यालाच पकडायला विमानतळावर धावतो आणि गोळी खाऊन पडतो.

जमाखर्च मांडायचा तर गमावले ते असे: मायबोलीतला रंगमंच, मेटरनिखसारख्या मिश्कील भूमिका, नायकपद. तिशीच्या आत ओस्वाल्डसाठी त्याने केला तसा मऊ, भेदरलेला माणूस हॉलिवूडने त्याच्याकडे कधी मागितला नाही. कमावले ते असे: लिली, काम, आणि उपरा असूनही वरच्या रांगेतला दर.

एमजीएमने 'अबव्ह सस्पिशन'मध्ये त्याला शेवटी नाझींविरुद्ध लढणाऱ्या जर्मन सरदाराची भूमिका दिली. मुख्य नव्हे, पण सहानुभूतीची, थोडी खट्याळ, बऱ्याच वर्षांत न मिळालेली. चित्रीकरण आटोपले होते. ३ एप्रिल १९४३ रोजी लॉस एंजेलिसमध्ये गोल्फ खेळताना हृदयविकाराने तो मैदानावरच गेला, पन्नासाव्या वर्षी. चित्रपट त्यानंतर लागला.